न हललेली माणसं

"साहेब, ही माणसं मेलेली आहेत का?"

शाळेचा हॉल खदखदून हसला. हा प्रश्न विचारून उत्तरा पैज जिंकली. "हिंमत असन तर इचारून दाखव," असं तिच्या मैत्रिणीनं, गोपिकानं, डिवचलं होतं. आणि हल्ली उत्तराला डिवचणं म्हणजे वाळल्या तुराट्यांना काडी लावणं.

फिल्म नुकतीच संपून दिवे लागले होते. मधुसूदन साहेब संत्र्यांच्या बागांवर माहितीपट करत होते. तो पक्का करण्याआधी पोरींना आणि पालकांना दाखवायला आणला होता. त्यात कन्हान नदीकाठच्या एका गावाचं पंचवीस-तीस वर्षांपूर्वीचं, स्वातंत्र्याच्या सुमाराचं चित्रण जोडलेलं. बैल शेपट्या हलवत होते, माणसं मात्र खांबासारखी ताठ, डोक्यावर टोपली घेतलेली बाईसुद्धा!

"त्यांनी सिनेमाचा कॅमेरा कधी पाहिलाच नव्हता," साहेब म्हणाले. "फोटोवाला 'हलू नका' म्हणतो, एवढंच ठाऊक. श्वाससुद्धा धरून ठेवला बिचाऱ्यांनी. जिथं दाखवतो तिथं लोक हसतात. कापूनच टाकतो तेवढा तुकडा."

गोपिकानं पाठीवर थाप मारली. आईबाबांनी पाहिलं का, म्हणून उत्तरा ऐटीत मागं वळली. शेवटच्या रांगेत बाबा उभे होते. आईनं त्यांचा हात घट्ट धरला होता.

ती धावत गेली. "बाबा, काय झालं?"

"ते टोपलीवाली," बाबा कसेबसे म्हणाले. "माही माय हाय वं ते."

उत्तरा कोऱ्या पडद्याकडं वळली. आजी बाबांच्या लहानपणीच गेलेली. घरात तिचा एक फोटो नाही. पित्रांच्या दिवशी बाबा फोटोच्या जागी सुपारी मांडायचे. आणि त्याच आजीवर तिनं आत्ता अख्खा हॉल हसवला होता.

"साहेब, कापू नका!" ती तिथूनच ओरडली. "माझी आजी आहे ती!"

साहेबांनी रीळ मागं फिरवलं. दिवे पुन्हा गेले. या वेळी कोणी हसलं नाही. बैलानं मान झटकली, तो पुसट झाला. कोंबडी पळाली, ती दिसलीच नाही धड. आजी तेवढी हलली नाही. कपाळावरचं गोंदण, कानातली बुगडी, थेट बाबांची हनुवटी. डोळे भरून पाहून झालं, तरी ती उभीच.

"नाही कापत," अंधारातून साहेब म्हणाले. "पूर्ण राहील."

बाबांनी हात जोडले.

बाहेर रिक्षात बसता बसता उत्तरा म्हणाली, "आई, बाबा, ऐका. दहावी झाली का मी फिल्म कापायचं काम शिकणार."

"आता हे काय नवीन? काहून वं?" आईनं विचारलं.

"कुठं कापायचं नाही, ते मले समजलं."