तो, ती, ते

वहीची शेवटची पस्तीस पानं फाडून ठेवू आणि बाकीची वनखात्याकडे देऊ, असं वजनकाका म्हणाले तेव्हा तिला संशय आला.

"पस्तीसच का?"

"अपुरी आहेत, ताई. अपुरं कशाला द्यायचं?"

काका तिच्याकडे बघत नव्हते. सकाळी जाळ्यात आलेलं कासव कोपऱ्यातल्या टबात होतं, त्याच्यावर उगाचच पाणी ओतत होते.

तळ्याकाठच्या या एका खोलीत बाबांनी एकतीस वर्षं कासवं मोजली होती. पाठीची लांबी घ्यायची, वजन करायचं, नर की मादी ते ठरवायचं, कवचाच्या कडेला नंबराची खाच पाडायची आणि पुन्हा पाण्यात सोडून द्यायचं. वजनाचं काम पहिल्यापासून या मदतनिसाकडे, म्हणून काडीसारख्या माणसाचा बाबांनी वजनकाका करून टाकला होता. गेल्या महिन्यात बाबा झोपेतच गेले. आज दुपारी खात्याची गाडी येणार होती. वह्या बाबांच्या नावाने कायमच्या जमा होणार होत्या, आणि नोंदी अस्सल आहेत अशी सही तिने करायची होती.

तिने ती पानं उघडली. अक्षर काकांचं. त्याआधीच्या प्रत्येक पानावर बाबांचं होतं. आणि ज्या रकान्यात एकतीस वर्षं 'तो' नाहीतर 'ती' लिहिलेलं असायचं, तिथे वरपासून खालपर्यंत एकच शब्द. ते. ते. ते.

हा शब्द बाबांना खपत नसे. लहानपणी ती "ते कासव" म्हणाली की तिला थांबवायचे. "ते काय? भाषेने बघायचा कंटाळा केला म्हणून आपणही करायचा? उलटं करून बघितलंस का?"

"हे बाबांनी लिहायला सांगितलं?" तिने विचारलं.

काकांनी कासवावर आणखी पाणी ओतलं.

"की पाण्यात हात घालायचा कंटाळा आला आणि बसल्या जागी पानं भरलीत? त्यांच्या नावावर?"

"सर रोज यायचे, ताई. डबा तुम्हीच द्यायचात."

"डबा मी द्यायची. इथे काय चालायचं ते मला काय माहीत?" तिने टबाकडे बोट केलं. "ते बाहेर काढा. नर की मादी, सांगा मला."

काकांनी बाह्या सरसावल्या. कासव उचललं, उलटं केलं, अंगठा पोटावरून एकदाच फिरवला.

"तो."

"कशावरून?"

"पोट मधे खोलगट आहे. मादीवर चढताना घसरू नये म्हणून देवाने केलेली सोय. तिचं पोट सपाट असतं. आणि शेपूट बघा, बुडाशी केवढी जाड. तिची आखूड, बारीक असते. पण नुसत्या शेपटीवर जायचं नाही, लहान कासवं फसवतात." त्यांनी कासव तिच्यापुढे धरलं. "बोट फिरवा."

तिने फिरवलं. गार, टणक पोट, आणि मधोमध पळीसारखा उथळ खळगा. कासव पाय आत ओढून निपचित पडून होतं.

"एवढं येतं तुम्हाला," ती म्हणाली, "आणि पस्तीस पानं ते?"

"मला कळत होतं, ताई."

'मला' वर त्यांनी जोर दिला नव्हता, तरी तिला तो ऐकू आला.

काकांनी कासव पाण्यात ठेवलं. हात पुसायला फडकं शोधलं, समोरच असूनही बराच वेळ शोधलं.

"खळगा स्वतःच्या बोटाला लागल्याशिवाय लिहायचं नाही, हा सरांचाच नियम. बोट टेकवायला जायचे आणि म्हणायचे, कासव फार हलतंय रे, आज कळत नाही. लिही, ते. एकदा मी म्हटलं, सर, आदरार्थी समजू का? खूप हसले." त्यांनी टबाकडे बघितलं. "कासव हलत नव्हतं."

खोलीत फक्त टबातलं पाणी हलत होतं.

"तुम्ही सांगायचं होतं. तुम्हाला तर कळत होतं."

"सांगितलं एकदा. म्हणाले, तुझ्या बोटाचं माझ्या वहीत नको." काकांनी फडक्याची घडी केली, पुन्हा मोडली. "पेन धरवेना तेव्हा लिहायचं तेवढं मला दिलं. घरी बोलायचं नाही, अशी शपथ घातली. ही पानं तिकडे गेली तर लोक काय म्हणतील? एकतीस वर्षं कासवं उलटी केली आणि शेवटी नर-मादी कळेना. म्हणून म्हटलं, फाडू."

तिने वही पुढे ओढली. शेवटच्या 'ते' खाली, अंगठ्याएवढ्या मोकळ्या जागेत, सही केली. पानांचा आकडा घातला, पस्तीस धरून.

"म्हणू देत," ती म्हणाली.

बाहेर गाडी थांबल्याचा आवाज आला. काका उठले, थर्मासमधला चहा कपात ओतला आणि तिच्यापुढे धरला. तिने दोन्ही हात मांडीखाली दाबून धरले होते.

"तिथे ठेवा," ती म्हणाली. "निवू दे."

बोलून झाल्यावर तिच्या लक्षात आलं, हे वाक्य कुणाचं. शेवटचे पाच महिने रोज संध्याकाळी घरी बाबा हेच म्हणायचे, आणि ती खोलीबाहेर जाईपर्यंत कपाला हात लावत नसत. तिला वाटायचं, त्यांना गरम चहा आवडेनासा झालाय.