कॉर्डलेस माईक

"अहो, राही कुठंय?" कावेरीने पुन्हा विचारलं.

आमची चार वर्षांची लेक सकाळपासून लपाछपीच्या नादात होती, म्हणून आधी मी हसलो. मग पलंगाखाली बघितलं, कपाटं उघडली, धावत गच्चीवर गेलो. पाण्याच्या टाकीतही वाकून बघितलं.

खाली आलो तर कावेरी हॉलमध्ये, मी नुकत्याच जोडलेल्या कीबोर्ड आणि अँप्लिफायरपाशी उभी होती. "मघाशी तिच्या हातात तुमचा कॉर्डलेस माईक होता."

मघाशी स्पीकरमधून खरखर येत होती, म्हणून मीच त्या माईकचा आवाज बंद केला होता. आता बटण फिरवून वाढवला.

श्वास ऐकू आला. छोटा, धापा टाकणारा.

माझी नजर कीबोर्डच्या लांब पेटीवर गेली. झाकण मिटलेलं दिसलं की खटके लावून टाकायचे, नाहीतर ते टेम्पोत आपटतं, ही ऑर्केस्ट्रातली सवय. आत न बघताच मी दोन्ही खटके लावले होते.

त्यांच्यावरून घसरणारी माझी बोटं स्पीकरमधून खडखडत होती. झाकण उघडलं. घामेजलेला हात माझ्या मनगटाला लागला आणि स्पीकरमधून क्षीण आवाज आला, "धप्पा."