रविवारचं लेकरू

अमेरिकेतल्या मॅसॅच्युसेट्सच्या जुन्या इंग्रज वसाहतीत ज्या वारी मूल जन्मते, त्याच वारी ते पोटात राहिलेले असते, असा पक्का समज होता, आणि रविवारी नवरा-बायकोने जवळ येणे पाप मानले जाई. विणकर ओबाडायाची सात दिवसांची लेक तापाने फणफणली होती; बाप्तिस्म्याविना गेली तर तिला स्वर्ग नाही, अशी घरच्यांना धास्ती होती. तरीही बाप्तिस्म्याआधी पाद्रीबाबांनी भरल्या प्रार्थनागृहात वृद्ध सुईण कीझायाला उभे केले. एरवी तिथे बायकांनी तोंड उघडायचे नसे.

"खरं सांग, म्हातारे. पोर कोणत्या वारी झाली?"

लेकीला उराशी धरलेल्या ओबाडायाचे डोळे विनवत होते, शनिवार म्हण. पण कीझाया देवाच्या दारात कधी खोटे बोलली नव्हती.

"रविवारी, पाद्रीबाबा."

"म्हणजे आईबापांनी प्रभूचा दिवस बाटवला! असल्या पापाच्या पोरीला माझ्या हातचं बाप्तिस्म्याचं पाणी मिळायचं नाही. बस खाली."

कीझाया बसली नाही. काठी टेकून ती अधिकच ताठ झाली.

"तुमच्या आईचं बाळंतपणही मीच केलं, बाबा, आणि तोही रविवारच होता. आता हिला पाणी देताय, की त्या व्यासपीठावरून खाली उतरताय?"