किरणाचं टोक

सुट्टीचा सहावा दिवस. डोंगरमाथ्यावर तारे बघायला आलेल्या त्या बाईला आता ताऱ्यांपेक्षा खुर्ची प्यारी होती. बूट काढून ती सुजलेले पाय चोळत बसली. शेजारी नवरा उभा, त्याच्या खांद्यावर पाच वर्षांची लेक.

"एवढी चढून आलीस, आता वर तरी बघ."

"तूच बघ. माझ्या वाटचेही बघ."

गाइडने हिरवा लेझर आकाशाकडे रोखला. "याला टोक नसतं," तो रोजचंच वाक्य रोजच्याच सुरात म्हणाला. "भिंतीवर मारला तर ठिपका पडतो. आकाशात किरण नुसता विरत जातो."

ठिपका पडला होता.

गाइडने हात हलवला. छतावरून सरकावा तसा ठिपका ताऱ्यांवरून सरकला.

लोक हसले. त्यांना वाटलं, हा कार्यक्रमाचाच भाग.

गाइडने लेझर बंद केला, सदऱ्याला पुसला, पुन्हा लावला. किरण आता आखूड होता. फार तर झाडाएवढा, आणि त्याच्या टोकाला तोच ठिपका.

त्याने तो घाईघाईने बंद केला. पुन्हा लावला नाही.

"सगळ्यांनी खाली बसून घ्या," तो हळू आवाजात म्हणाला.

बाई बसलेलीच होती. उठणं तिच्या जिवावर आलं. तिने बसल्या जागेवरून नवऱ्याची पँट ओढली. "बस ना रे. तो सांगतोय."

"थांब गं, हिला जरा बघू दे."

अंधारात वरून लेकीचा पेंगुळलेला आवाज आला.

"बाबा, उतरव ना मला. डोक्याला वर काहीतरी लागतंय."