मंत्री चटईखाली

मंत्री सेउमालोंच्या जीपखाली पेनीनाचा नवरा गेला. निवडणूक तोंडावर होती. बेटावरच्या रीतीप्रमाणे पहाटेच तिच्या दारात मंत्र्यांच्या घरची खानदानी चटई आली. अपराध्यानं चटईखाली डोकं झाकून गुडघ्यांवर बसायचं. घरच्यांनी ती उचलली, की माफी.

तिथल्या सगळ्या घरांसारख्या या घरालाही भिंती नव्हत्या, नुसते खांब. सगळे आतून बघत होते.

"मतं मागायला आला तेव्हा खुर्ची लागली होती त्याला," दीर म्हणाला. "बसू दे दुपारपर्यंत."

ऊन चढलं. चटईखालून खोकला ऐकू आला. पेनीना उठली, तिनं चटई उचलली.

खाली मंत्र्यांचा सचिव होता.

"आणि साहेब?"

"मीटिंगमध्ये आहेत, मावशी. मला पाठवलंय."

"ऊन लागेल रे तुला," म्हणत तिनं चटई पुन्हा त्याच्या डोक्यावर नीट घातली आणि आत गेली.