फुलांची घाई

चिगुसाच्या हातात फुलं पडली तेव्हा तिच्या पोटावरचं नकली रक्त अजून ठिबकत होतं. स्टुडिओच्या उघड्या आवारात साठ माणसं टाळ्या वाजवत होती. साहाय्यक दिग्दर्शकाने मान खाली घालून आरोळी ठोकली, “चिगुसाबाईंचं काम इथे संपलं. आभारी आहोत.”

रीतच तशी. ज्याचा शेवटचा प्रसंग झाला त्याला फुलं द्यायची, वाकून निरोप घ्यायचा, की त्या सिनेमाशी त्याचा संबंध तुटला. फुलं घेतलेल्याला परत कामाला लावल्याचं क्योतोत तरी कोणाच्या ऐकिवात नाही.

पण चिगुसाचे अजून अकरा प्रसंग बाकी होते. तिची भूमिका असलेली तलवारवाली ओसेकी जखमी होऊन बेशुद्ध पडते, मग उठून बर्फात चाळीस गुंडांना लोळवते, असं दिग्दर्शक ओबातांनी तिला स्वतः वाचून दाखवलं होतं. तिने केलेल्या ओसेकीच्या आधीच्या चार सिनेमांनी त्यांची बुडती नाव काठाला लावली होती. या पाचव्यासाठी चिगुसा दीड महिना जिन्यावरून पाठीवर पडायला शिकली होती.

“उद्याची लढाई कोण लढणार?” तिने विचारलं.

ओबाता चष्मा पुसू लागले. “ओसेकी मरते. धाकटी बहीण सूड घेते. लोकांना आता तरुण पोरी हव्यात, बाई. वरून हुकूम आहे.”

धाकट्या बहिणीचं काम कानोको करत होती. तिला तलवार धरायला चिगुसानेच शिकवलं होतं. कानोको आता स्वतःच्या पायांकडे बघत होती. आज चिगुसाच्या चेहऱ्यावर पांढरा रंग जरा जास्तच थापणारी रंगभूषावाली ओमात्सुआजी आभाळाकडे बघत होती.

“आजी, तुम्हालाही माहीत होतं?”

“कँटीनच्या मांजरालाही माहीत होतं, पोरी. तुला सांगायला जीभ रेटेना.”

चिगुसा वाकली. रीतीप्रमाणे एकेकाचं नाव घेऊन तिने आभार मानले. कानोकोचं नाव तेवढं सगळ्यात शेवटी घेतलं.

तेवढ्यात कॅमेऱ्यामागून म्हातारा तोकुजो खाकरला. “साहेब, मला न विचारताच टाळ्या वाजवल्यात. प्रसंग वाया गेला.”

“का?”

“फेब्रुवारीची थंडी आहे. मेलेल्या बाईच्या तोंडातून वाफ निघतेय. किटलीसारखी.”

खरं सांगायची लाज वाटली म्हणून ओबातांनी तिला नुसतं ‘बेशुद्ध पडा’ म्हटलं होतं, आणि बेशुद्ध माणूस श्वास घेतो.

ओबाता दोन्ही हात जोडून पुढे आले. “बाई, एकदाच पडा. श्वास धरून. तुम्ही मेला नाहीत तर बहीण सूड कशाचा घेणार? सगळा सिनेमा अडकेल.”

चिगुसाने फुलं छातीशी नीट धरली.

“माझं काम संपलंय, साहेब,” ती म्हणाली. “साठ साक्षीदार आहेत.”