डावीकडची खुर्ची

लंडनमधल्या एजवेअरच्या मिरिअमआंटी दर रविवारी एकच जुना ब्लॅक अँड व्हाइट पिक्चर लावतात आणि टीव्हीसमोरची डावीकडची खुर्ची रिकामी ठेवतात. परवा त्या किचनमध्ये चहा आणायला गेल्या, तेवढ्यात मी मुद्दाम तिच्यात जाऊन पसरलो.

"ऊठ मेल्या तिथनं."

"का? बकिंगहॅमहून कुणी येणारे का चहाला?"

आंटी हसल्या नाहीत. पडद्यावर हिरॉइन कुत्र्याच्या गळ्यात पडून रडत होती. पण कुत्र्याचं तिच्याकडे लक्षच नव्हतं. कान टवकारून तो थेट माझ्याकडे बघत होता.

"आंटी, हा माझ्याकडे काय बघतोय?"

"तुझ्याकडे नाही. पप्पांनी शिकवलेला कुत्रा तो. शूटिंगच्या वेळी पप्पा तिथेच, कॅमेऱ्याच्या डावीकडे उभे राहून त्याला हाताने खुणा करायचे." त्यांनी चहाचा कप माझ्या हातात दिला. "पप्पांचा एक फोटोसुद्धा नाही रे माझ्याकडे. एवढंच आहे."

मी गुपचूप उठलो. आंटींनी खुर्चीची उशी नीट केली.

पडद्यावरच्या कुत्र्याने शेपटी हलवली.